मुंबईचा फोर्ट पायी बघायचाय: खाजगी गाईड घ्यावा का? सात जण, एकच दिवस

गुहागरची सून
डिसेंबरात चिपळूणहून सात जण निघतोय. चार मोठे, सासूबाई (वय 71, गुडघे कुरकुरतात) आणि दोन मुलं, 9 आणि 13 वर्षांची. जाताना कोकणकन्या, पहाटे सीएसएमटी. त्याच रात्री कोकणकन्यानेच परत. राणीबाग, चौपाटी काही नको, फक्त जुनी मुंबई पायी बघायची आहे. फक्त आपल्यापुरता गाईड घेणं परवडतं का? घेतला तर त्याच्याशी काय काय ठरवून घ्यायचं? सुरुवात कुठून करायची? आणि मराठीत सांगणारा मिळेल ना? सासूबाईंना हिंदी समजतं, पण चार तास ऐकवणार नाही.

कोटातला वाटाड्या
ताई, घ्या गाईड. पण पैसे माहितीचे नसतात, ती मोबाईलवरही मिळते. पैसे असतात थांबण्याचे. खुल्या फेरीत वीस-पंचवीस माणसं असतात, आजी फुटपाथवर टेकल्या की फेरी पुढे निघून जाते. आपल्यापुरता गाईड असला की तोही टेकतो.

फोनवर बोलून घ्यायच्या गोष्टी. दर माणशी नसतो, गटाचा असतो, आणि गटाचे टप्पे असतात. बऱ्याच गाईडांचा पहिला टप्पा पाच जणांपर्यंतचा. तुम्ही सात, म्हणजे वरच्या टप्प्यात जाल. मुलं धरून सात की मुलं सोडून पाच, हे आधीच विचारा. अर्धा दिवस म्हणजे साधारण चार तास, आणि घड्याळ ठरलेल्या वेळेपासून सुरू होतं, तुम्ही पोचल्यापासून नाही. गाडी रखडली तर तुमचेच पैसे चालू. म्हणून गाडीची वेळ आणि भेटीची वेळ यांत दोन तासांचं अंतर ठेवा. जादा तासाचा दर, संग्रहालयात त्याचं तिकीट कोण काढणार, रद्द केलं तर आगाऊ रकमेतलं किती परत, हे सगळं व्हॉट्सअॅपवर लिहून घ्या. तोंडी ठरलेलं दुपारी बारानंतर कुणाला आठवत नाही. आणि एक वाक्य आवर्जून लिहा: "वाटेत कुठल्याही दुकानात न्यायचं नाही." कुलाब्याकडे शालींच्या आणि हस्तकलेच्या दुकानांत गाईडला टक्का मिळतो, त्यात तुमचा पाऊण तास जातो.

परवानाधारक गाईडकडे पर्यटन खात्याचं फोटोसह ओळखपत्र असतं. फोटो मागवून घ्या, मागितल्याचा राग खऱ्या गाईडला येत नाही. मराठी गाईड मिळतात. पण "मराठी येतं" आणि "मराठीत सांगतो" यात फरक आहे. फोनवर पाच मिनिटं मराठीतच बोलत राहा, तो तिसऱ्या वाक्याला हिंदीवर गेला तर समजा.

भेटीची जागा "सीएसएमटीला" अशी ठेवू नका. तिथे 18 फलाट आहेत, लोकलची बाजू वेगळी, मेलची वेगळी, अर्धा तास नुसते फोन चालतात. समोर महापालिकेच्या इमारतीपुढे फिरोजशहा मेहतांचा पुतळा आहे, तिथे भेटा.

वाट अशी: सीएसएमटी, मग दादाभाई नौरोजी रस्त्याच्या कमानींखालून हुतात्मा चौक, तिथून डावीकडे सेंट थॉमस कॅथेड्रल, हॉर्निमन सर्कल, टाऊन हॉल; मागे फिरून काळा घोडा, संग्रहालय, शेवटी गेटवे. सरळ गेलं तर अडीच किलोमीटर, आतबाहेर करत चारच्या आसपास. चार तासांत आठ-नऊ थांबे बसतात. कुणी पंचवीस ठिकाणांची यादी पाठवली तर तो गाईड नाही, धावपटू आहे.

सावलीतून चाला
वरची वाट बरोबर आहे, पण उन्हाचा हिशेब राहिला. सीएसएमटीचं तोंड पश्चिमेला. सकाळी सूर्य इमारतीच्या मागे, त्यामुळे दर्शनी भाग काळपट दिसतो आणि फोटो वाया जातात. सकाळी तिथे जवळचं बघा: फाटकाच्या दोन खांबांवर एकीकडे सिंह, एकीकडे वाघ, म्हणजे इंग्लंड आणि हिंदुस्थान. घड्याळाखालचा रिकामा कोनाडा मुलांना दाखवा, तिथे व्हिक्टोरिया राणीचा पुतळा होता. मग लोकलच्या तिकीटघरात शिरा आणि वर बघा, निळ्या छतावर सोनेरी तारे आहेत. रोज लाखो लोक त्याखाली सुट्टे पैसे मोजत उभे असतात. अख्खी इमारत मात्र रात्री बघा. परतीची गाडी तिथूनच आहे आणि तेव्हा दिवे लागलेले असतात.

टाऊन हॉलचं (म्हणजे एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयाचं) तोंडही पश्चिमेलाच, पण तिथे तोच फायदा आहे. सकाळी पायऱ्यांवर सावली मिळते. पायऱ्या 30 आहेत, आजींनी वर चढायची गरज नाही. खालच्या दोन-तीन पायऱ्यांवर बसून समोरचं हॉर्निमन सर्कल आरामात दिसतं. गाईडला सांगा की लांबलचक इतिहास इथेच सांगून टाक. हुतात्मा चौकात उभं राहून ऐकणं म्हणजे बसच्या हॉर्नशी भांडणं, तिथे पाच मिनिटं पुरे.

दादाभाई नौरोजी रस्त्याच्या कमानी म्हणजे आपली पडवीच. ऊन नाही, पाऊस नाही. पण फेरीवाल्यांमुळे दोन माणसं शेजारी चालू शकत नाहीत, आणि वरचे मजले आतून दिसतच नाहीत. गाईडने मध्ये एकदा रस्ता ओलांडून समोरच्या बाजूने इमारती दाखवायला हव्यात. सीएसएमटीसमोरचा भुयारी रस्ता सासूबाईंना नको, उतरचढ आहे. सिग्नलवरून ओलांडा.

रविवार की इतर वार
थोडक्यात. रविवारी फोर्ट रिकामा, रस्ते ओलांडायला सोपे, इमारती नीट दिसतात. पण बरीचशी इराणी हॉटेलं आणि खानावळी बंद, आणि रेल्वेचा मेगाब्लॉक असतो. कामाच्या दिवशी सगळं उघडं पण गर्दी. शनिवार मधला मार्ग, फक्त काळ्या घोड्याजवळचं निळं सिनेगॉग (1884) शनिवारी प्रार्थनेमुळे बघता येत नाही. सोमवारी आधुनिक कलेचं राष्ट्रीय दालन बंद, घारापुरीही बंद. राजाबाई टॉवरवर चढायला कुठल्याच वारी मिळत नाही, विद्यापीठाच्या आवारातही परवानगीशिवाय सोडत नाहीत. "आतून दाखवतो" असं गाईड म्हणाला तर परवानगीचा कागद मागा. हायकोर्टाच्या आत कॅमेरा चालत नाही.

जांभा आणि पाषाण
गाईड पारखायची माझी रीत वेगळी. फोनवर विचारा, "फोर्टात किल्ला कुठे आहे?"

कोकणातला माणूस हाच प्रश्न विचारणार. आपल्याला किल्ला म्हटलं की तट, बुरूज, दिंडी दरवाजा हवा. इथे तट होता, तीन दरवाजे होते: अपोलो, चर्च आणि बाजार. गव्हर्नर बार्टल फ्रिअरच्या काळात, 1860च्या दशकात, तट पाडला, कारण गाव आत मावेना. चर्चगेट हे नाव राहिलं, दरवाजा गेला. ते "चर्च" म्हणजे 1718 मध्ये उघडलेलं सेंट थॉमस, चर्चगेट स्टेशनजवळचं नव्हे. किल्ल्याचा एक तुकडा सेंट जॉर्ज हॉस्पिटलच्या आवाराकडे शिल्लक आहे. एवढं उत्तर आलं तर गाईड पक्का. "फोर्ट हे फक्त नाव आहे" म्हणाला तर पुढचा नंबर फिरवा.

दुसरी परीक्षा ताजमहाल हॉटेलची. "इमारत चुकून उलटी बांधली आणि आर्किटेक्टने जीव दिला" ही कथा अजून सांगितली जाते. हॉटेल 1903 मध्ये उघडलं, तेव्हा गेटवे नव्हताच. त्याचं उद्घाटन 1924चं. मूळ आराखडा सीताराम खंडेराव वैद्य आणि डी. एन. मिर्झा यांचा, पूर्ण केलं डब्ल्यू. ए. चेंबर्स यांनी. प्रवेश शहराच्या बाजूला ठेवला होता, कारण गाड्या तिकडून येत. कथा सांगायला हरकत नाही, पण कथा म्हणून सांगावी.

आता दगड, कारण मुलांना हात लावायला काहीतरी हवं. घराच्या चिऱ्याची सवय असलेल्या डोळ्यांना पहिल्यांदा हेच खटकतं की इथे जांभा दिसत नाही. दिसतो तो मालाड-कुर्ल्याकडचा पिवळसर दगड, आणि नक्षीसाठी पोरबंदरचा फिकट चुनखडक. चुनखडक जवळून बघा, माशाच्या गाबोळीसारखे बारीक दाणे दिसतात. म्हणूनच तो छिन्नीला मऊ आणि कोरीव पानाफुलांना चांगला, पण खाऱ्या हवेत आणि धुरात आधी तोच झिजतो. जिथे नाकं-चोची गळलेल्या दिसतील तिथे दगड बहुधा हाच. गेटवेचा पिवळा बेसॉल्ट खरोडीचा, मालाडपलीकडचा. हुतात्मा चौकातल्या फ्लोरा फाउंटन या कारंज्याचा (1864) दगड मात्र थेट इंग्लंडहून आणलेला, पोर्टलंडचा. त्याच चौकात मशाल धरलेला शेतकरी आणि कामगार, संयुक्त महाराष्ट्राचं स्मारक. कारंज्यावरची रोमन फुलदेवी फ्लोरा आणि हुतात्मे एकाच चौकात! हे नीट उलगडून सांगणारा गाईड मिळाला तर त्याला जादा तासाचे पैसे आनंदाने द्या.

कोटातला वाटाड्या
जांभा-पाषाण, मान्य. फक्त फोनवर परीक्षा घेताना सूर जरा मऊ ठेवा, चांगले गाईड डिसेंबरात भरलेले असतात आणि तेही गिऱ्हाईक पारखतात.

गुडघेवाल्यांच्या बाजूने
वरच्या वाटेत आजींचं काय होणार ते कुणी लिहिलंच नाही. फोर्टात दमवणारी गोष्ट अंतर नाही, फुटपाथ आहे. कडा उंच, मध्येच तुटलेल्या, दर गल्लीच्या तोंडाशी उतरा आणि परत चढा. त्यात उभं राहून ऐकणं. गुडघा चालण्यापेक्षा उभं राहून जास्त दुखतो.

म्हणून दोन तुकडे करा. सकाळी 8 ते साडेदहा, सीएसएमटी ते टाऊन हॉल, गाईडसह. मग काळा घोडा. जहांगीर आर्ट गॅलरीला (1952) तिकीट नाही, साधारण अकराला उघडते, बसायला आणि स्वच्छतागृहाला सोय. शेजारचं छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय सव्वादहाला उघडतं, तिकीट आहे, पण आत थंडावा आहे आणि दुपारचे तीन तास तिथे सहज जातात. संग्रहालयात गाईड नको, त्याचं घड्याळ उगाच चालू राहतं. गेटवे संध्याकाळी, आपापले. तिथे पिशव्यांची तपासणी होते, तेवढी रांग धरा.

ओव्हल मैदान सासूबाईंसाठी गाळा. बाकीच्यांना जायचं असेल तर चार वाजता जा. एका बाजूला हायकोर्ट (1878) आणि राजाबाई टॉवर, दुसऱ्या बाजूला आर्ट डेको इमारतींची रांग. मैदानासकट या परिसराला 2018 मध्ये जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली. टॉवरवर दुपारनंतरच ऊन पडतं.

टॅक्सी: हॉर्निमन सर्कल ते संग्रहालय इतक्या जवळच्या भाड्याला बरेच नकार येतात. सात जणांना दोन टॅक्स्या लागतात, त्यापेक्षा फक्त सासूबाई आणि सोबत एक जण टॅक्सीने, बाकी पायी.

गुहागरची सून
सगळ्यांचे आभार. शनिवार धरते, दोन तुकडे पटले. दोन शंका. गाडी पहाटे पोचते, आठपर्यंत कुठे बसायचं? आणि सामान? नातेवाइकांसाठी पिशव्या आहेत.

सावलीतून चाला
स्टेशनातच प्रतीक्षालय आहे, तिकीट दाखवावं लागतं, तोंडहात धुवून घ्या. आठच्या आधी बाहेर पडून उपयोग नाही. तिकीट काढताना तारीख मात्र दोनदा बघा. कोकणकन्या चिपळूणला मध्यरात्रीच्या सुमारास येते, आणि आरक्षणाची तारीख तुम्ही चढता त्या स्टेशनची धरतात, गाडी सुटल्याची नाही. इथे एका रात्रीची चूक फार होते. गाडी सीएसएमटीपर्यंत येणार की दादर-ठाण्यालाच थांबणार, तेही आदल्या संध्याकाळी बघा. थांबणार असेल तर गाईडला रात्रीच कळवा.

कोटातला वाटाड्या
सामान क्लोकरूमला. तिकीट लागतं आणि प्रत्येक नगाला कुलूप लागतं, कुलूप नसलेला नग घेत नाहीत. चेनच्या बॅगांना बारीक कुलपं घरूनच आणा. कोकमाची, पोह्याची कापडी पिशवी, दोरीने बांधलेलं खोकं, हे परत पाठवतात. मग सात जणांपैकी एकाला दिवसभर आगळाच्या बाटल्या घेऊन गॉथिक कमानी बघाव्या लागतात. ते सगळं एका मोठ्या बॅगेत कोंबा आणि तिला कुलूप लावा.