फोनचं नेट केबलने कॉम्प्युटरला: तुमचेही अनुभव सांगा

रामबागकर
आज माळ्यावरून खोका काढला, त्यात लाल चिकटपट्टी लावलेली केबल निघाली आणि 2020 आठवलं. लॉकडाउन, ब्रॉडबँड बंद, डेस्कटॉपला वायफाय नाही, सकाळी लेकीची ऑनलाइन परीक्षा. फोन जोडून यूएसबी टेदरिंग (फोनचं नेट केबलने कॉम्प्युटरला देणं) चालू केलं तर डिव्हाइस मॅनेजरमध्ये आरएनडीआयएसवर, म्हणजे फोनच्या त्या नेट-जोडणीवर, पिवळं उद्गारचिन्ह. ड्रायव्हर (कॉम्प्युटरला फोन ओळखता यावा म्हणून लागणारं सॉफ्टवेअर) उतरवायला नेट हवं, नेटला ड्रायव्हर हवा! रात्री 1 वाजता शेजारच्या काकांनी फोनवर एकेक करून सांगितलं: राइट क्लिक, अपडेट ड्रायव्हर, ब्राउझ माय कॉम्प्युटर, मग यादीतून निवड. नेटवर्क अडॅप्टर्स, मायक्रोसॉफ्ट, रिमोट एनडीआयएस कम्पॅटिबल डिव्हाइस. इशारा आला तरी 'यस' कर म्हणाले. ड्रायव्हर विंडोजमध्येच होता हो! लेक पेपरला बसली तेव्हा मला रडू आलं.

बडोद्याची_सून
आमची केबलच नुसती चार्जिंगची निघाली. डेटाच्या दोन तारा नसतात त्यात. फोन चार्ज होतोय म्हणून तिच्यावर शंकाच आली नाही, दोन दिवस ड्रायव्हर काढ-घाल. कुकर झाला, येते.

लष्कर_ग्वाल्हेर
उबुंटूत (विंडोजऐवजी वापरतात ती लिनक्स सिस्टिम) लगेच लागलं, काही टाकावं लागलं नाही. आणि केबल हलली की फोनमधलं टेदरिंग बंद होतं, परत चालू करावं लागतं. माझ्या आईला हे पाठ आहे आता.

सुदामानगर
आयफोनवाल्यांनो, केबल जोडल्यावर फोन विचारतो त्या 'ट्रस्ट'वर बोट ठेवलंत का ते आधी बघा. विंडोजला ॲपलचा ड्रायव्हरही लागतो, आम्ही आयट्यून्स टाकलं तेव्हा झालं.
रामबागकर, ते काका कसे आहेत?

रामबागकर
2021 च्या एप्रिलमध्ये गेले. लाल पट्टी त्यांनीच लावली होती. 'ही डेटावाली, चार्जरच्या ढिगात टाकू नकोस.'

सुदामानगर
अरे रे. माहीत नव्हतं हो.

बडोद्याची_सून
जपून ठेवा ती केबल. लेक काय करते आता?

रामबागकर
पुण्याला इंजिनीअरिंग. शेवटचं वर्ष.

पोहेजिलेबी
विंडोजमधलं मीटर्ड कनेक्शन (डेटा जपून वापरायची सेटिंग) चालू करा रे सगळे! विंडोजला फोनचं नेट घरचंच वाटतं, माझा दिवसाचा दीड जीबी अपडेटने दुपारीच संपवला. जेल रोडला चांगली टाइप-सी केबल कुठे मिळेल? आज संध्याकाळी तिकडेच चाललोय.

लष्कर_ग्वाल्हेर
कुठूनही घे, पण त्या केबलने फोनमधला फोटो कॉम्प्युटरवर कॉपी होतो का, ते दुकानातच बघ.