थ्रीडीएसवर पोकेमॉन ओमेगा रुबी रँडमाइझ केला, फाइल्स टाकल्या, तरी बॅगेत तेच तिघे निघतायत

लिटलरूटचा_पाव्हणा

मंडळी नमस्कार, जरा लांबड लागेल पण सगळं एकदाच सांगतो म्हणजे परत परत विचारायला नको. न्यू थ्रीडीएस एक्सएल (निन्टेंडोचा हातातला कन्सोल) आहे, सेकंडहँड घेतलेला, विकणाऱ्याने मॉड करूनच दिला होता. लूमा (मॉडचं मूळ सॉफ्टवेअर) आहे, स्टार्ट दाबून ठेवून चालू केला की गॉडमोड नाइन (फाइल्स काढायचं टूल) पण उघडतं. ओमेगा रुबीचं ओरिजिनल कार्ट्रिज माझं स्वतःचं आहे आणि तो गेम इतका पाठ झालाय की कुठल्या गवतातून काय बाहेर येणार ते झोपेत पण सांगेन, म्हणून म्हटलं आता रँडमाइझ करून (कुठे काय येणार ते सगळं उलटसुलट करून) नझलॉक खेळू, म्हणजे दर रूटवर पहिला भेटेल तोच पकडायचा आणि जो पडला तो मेला.

आत्तापर्यंत काय केलं ते सांगतो. गॉडमोड नाइनमधून कार्ट्रिज डंप केलं (म्हणजे गेमची फाइल, रॉम, काढली), लॅपटॉपवर युनिव्हर्सल पोकेमॉन रँडमायझर झेडएक्सला दिलं तर म्हणे ही रॉम एन्क्रिप्टेड आहे. मग परत गॉडमोड नाइनमध्ये त्याच डंपवर डिक्रिप्ट मारलं, ती फाइल त्याने निमूट घेतली. स्टार्टर, जंगली पोकेमॉन, ट्रेनर, अ‍ॅबिलिटी, मूव्ह, आयटम जे जे दिसलं त्यावर रँडम टिक केलं, सेव्ह करताना लेयर्डएफएस (मूळ गेमवर बदललेल्या फाइल्स चढवायचा प्रकार) निवडलं, आणि जो फोल्डर तयार झाला तो एसडी कार्डात लूमाच्या आतल्या टायटल्स फोल्डरमध्ये ठेवला. जुना सेव्ह चेकपॉइंट अ‍ॅपने बॅकअप करून मग टायटल स्क्रीनवर अप, एक्स आणि बी दाबून पुसला. ट्रकमधून उतरलो, रूट १०१ ला बर्च सर पूचियेनाच्या पुढे पळतायत, बॅग उघडली आणि आत ट्रीको, टॉर्चिक, मडकिप, म्हणजे मूळ गेममधलेच तिघे स्टार्टर. जैसे थे. एरर नाही, क्रॅश नाही, काहीच नाही.

दोन प्रश्न. एक, हे लागू का होत नाहीये. दोन, सेटिंग नक्की काय ठेवायची, कारण मी सरसकट सगळं टिक केलंय आणि ते बरोबर वाटत नाहीये.

---

जावाला_नमस्कार

एरर नाही आणि क्रॅश पण नाही म्हणजे लूमा तुझ्या फोल्डरकडे बघतच नाहीये, रँडमायझरचा यात काही दोष नाही. गेम पॅचिंग बंद असणार. थ्रीडीएस पूर्ण बंद कर, सिलेक्ट दाबून धर आणि तसाच चालू कर, लूमाचं कॉन्फिगरेशन येईल. त्यात एनेबल गेम पॅचिंग अशी ओळ आहे, तिच्यापुढे फुली आहे का बघ. नसेल तर लाव, सेव्ह करून बाहेर ये. विकणारे लोक बहुतेक वेळा मॉड करतात आणि हे तसंच सोडून देतात, कारण नुसते गेम चालवायला त्याची गरजच पडत नाही.

दुसरं म्हणजे फोल्डरची उतरंड. लूमा, त्यात टायटल्स, त्यात टायटल आयडीचा फोल्डर (ओमेगा रुबीचा शेवट ११सी४०० असा असतो, अल्फा सफायरचा ११सी५००) आणि त्यात थेट रॉमएफएस (गेमच्या फाइल्सचा फोल्डर). बरेच जण आधीच टायटल आयडीच्या नावाचा फोल्डर करून ठेवतात आणि रँडमायझरला तोच दाखवतात, मग तो त्याच्या आत परत त्याच नावाचा फोल्डर करतो. बापाचं नाव पोराला. असं झालं की लूमाला रॉमएफएस सापडत नाही आणि तो चकार शब्द न काढता ओरिजिनल गेम चालू करतो.

तिसरं, इथे बाकी कुणी वाचत असेल तर त्यांच्यासाठी: जार फाइलवर डबल क्लिक करू नका, सोबत लाँचरची बॅट फाइल येते ती वापरा. थ्रीडीएसचे गेम मोठे असतात, लाँचर जावाला जास्तीची मेमरी देतो. आणि जावा ६४ बिटचंच हवं, ३२ बिटचं असेल तर लाँचरची काळी खिडकी येते न येते तोच बंद होते आणि माणूस अर्धा दिवस डोकं खाजवत बसतो.

---

रात्रपाळी_९४

वरच्या दादांनी सांगितलंय ते बरोबरच आहे, एक भर घालतो. तुझ्या थ्रीडीएसवर ओमेगा रुबीचा अपडेट घातलेला आहे का? १.४ वगैरे. असेल तर रँडमायझरमध्ये सेटिंगच्या मेनूत गेम अपडेट लोड करायची सोय आहे, तो अपडेट पण गॉडमोड नाइनमधून काढून, डिक्रिप्ट करून त्याला द्यायचा. कन्सोलवर अपडेट आहे आणि रँडमाइझ मात्र नुसत्या कार्ट्रिजवरून केलंय अशी भानगड झाली की कधी चालतं, कधी मध्येच लूमाची ती एक्सेप्शनवाली स्क्रीन येते. एवढा खटाटोप नको असेल तर सरळ अपडेट काढून टाक.

पण हे एक्स किंवा वायवाल्यांनी करू नका हां. त्या गेमला पहिल्या आवृत्तीत लुमियोस सिटीत सेव्ह केलं की गेम अडकायचा बग होता, तो १.१ अपडेटने सुधारला, म्हणून तिथे अपडेट ठेवाच आणि रँडमायझरला पण द्या. ईशॉपवर खरेदी मार्च २०२३ मध्ये बंद झाली तरी अपडेट उतरवता येतात.

---

लिटलरूटचा_पाव्हणा

गेम पॅचिंगच होतं!! फुलीच नव्हती. फोल्डर बरोबर होता, अपडेट नव्हताच. आता बॅगेत लोटॅड, गास्टली आणि टिनॅमो आहेत, मी हसत बसलोय नुसता.

गास्टली घ्यायचा विचार आहे पण मग हाँटरला गेंगार करायला ट्रेड लागणार ना? माझ्याकडे दुसरा थ्रीडीएस नाही आणि ऑनलाइन तर एप्रिल २०२४ मध्येच बंद झालं. आणि रूट १०१ च्या गवतात पहिलाच म्यूटू आला, लेव्हल दोनचा. माझ्याकडे तेव्हा बॉल पण नव्हते. हे असंच असतं का?

---

स्लेकिंगचा_आळस

हे असं असतं जेव्हा माणूस सगळ्यावर टिक मारतो तेव्हा 😄 आता थांब, पुढे जाऊ नकोस, परत रँडमाइझ कर, अजून काही गेलेलं नाहीये तुझं.

माझं मत स्पष्ट आहे, बाकीच्यांना पटेल न पटेल. नझलॉक खेळायचं असेल तर गेम अनोळखी वाटला पाहिजे पण खेळायला तो गेमच राहिला पाहिजे. सगळंच रँडम केलं की कशालाच अर्थ उरत नाही, नुसतं नशीब. पहिल्या गवतात म्यूटू, रूट १०२ वर शाळकरी पोराकडे डायलगा, आणि तो हरला की जिंकला यात तुझ्या डोक्याचा काही संबंध नाही. ते दोन तास गंमत वाटते, मग कंटाळा येतो.

जंगली पोकेमॉनमध्ये सिमिलर स्ट्रेंग्थ लाव. ते बेस स्टॅटची (त्या जातीच्या मूळ ताकदीच्या आकड्यांची) बेरीज बघून साधारण तेवढ्याच ताकदीचा पोकेमॉन टाकतं, म्हणजे झिगझॅगूनच्या जागी तसलंच काहीतरी भुरटं येईल, म्यूटू नाही. शिवाय एरिया वन टू वन ठेव, त्याने एका रूटवरच्या सगळ्या पूचियेनांच्या जागी एकच कोणतातरी येतो, रूट बदलला की बदलतो. ग्लोबल वन टू वन घेऊ नको, त्यात अख्ख्या होएनमध्ये (गेमचा प्रदेश) झिगझॅगूनचा एकच पर्याय असतो आणि सुरुवातीच्या रूटवर तेच तेच चेहरे. किमान कॅच रेटचा (जास्त तेवढा पकडायला सोपा) स्लायडर आहे तो थोडा वर सरकव, कारण नझलॉकमध्ये रूटवर एकच संधी असते आणि कॅटरपीचा कॅच रेट २५५ असताना बेल्डमचा ३ आहे, तुझ्या त्या म्यूटूचा पण ३ च. बेल्डम आला आणि हातात चार साधे बॉल, मग बसा शंख करत.

आता अ‍ॅबिलिटी. याच्यावर मी जरा जास्त बोलणार आहे कारण लोक इथेच मरतात. पाचव्या जिमला नॉर्मन आहे, त्याचा स्लेकिंग तुला माहितीये. स्लेकिंगच्या बेस स्टॅटची बेरीज ६७०, ग्रुडॉनची पण ६७०. दोघं सारखे! तरी आपण त्याला हरवतो ते फक्त ट्रुअंटमुळे, एक टर्न मारतो एक टर्न लोळतो. अ‍ॅबिलिटी रँडम केल्यास की ट्रुअंट गेला आणि तो ६७० वाला राक्षस दर टर्नला मारतो. ट्रेनरचे पोकेमॉन पण रँडम असतील तर नॉर्मनकडे स्लेकिंग असेलच असं नाही, पण मग तो दुसऱ्या कुणाकडे तरी असेल, आणि तो कुठे बसलाय हे तुला माहीत नसेल. रेजिगिगासचं पण तेच, त्याचा स्लो स्टार्ट (सुरुवातीला ताकद कमी ठेवणारी अ‍ॅबिलिटी) गेला की झालं. म्हणून अ‍ॅबिलिटी रँडम करायच्याच असतील तर हे डोक्यात ठेवून कर. वंडर गार्डला (फक्त सुपर इफेक्टिव्ह मूव्हच लागू देणारी अ‍ॅबिलिटी) परवानगी देणारी टिक अजिबात लावू नको. इलेक्ट्रिक टाइपच्या एखाद्याला वंडर गार्ड मिळालं की फक्त ग्राउंड मूव्हच लागणार, तो तुझ्याकडे नसला की खेळ तिथेच खलास. शॅडो टॅगसारख्या पळू न देणाऱ्या अ‍ॅबिलिटी पण बंद करता येतात, त्या कर. मी स्वतः अ‍ॅबिलिटी हात न लावता सोडतो, आणि मूव्हसेट पण. प्रत्येकाचे मूव्ह वेगळे केले की त्याची खिचडी होते, समोरच्याकडे बघून काहीच अंदाज बांधता येत नाही.

ट्रेनर मात्र रँडम ठेवच. त्यात रायव्हल आपला स्टार्टर शेवटपर्यंत घेऊन फिरतो असा पर्याय आहे, तो छान आहे. जिमला टाइप थीम ठेवायची की नाही ते तुझ्यावर. आणि ट्रेनरची लेव्हल टक्क्यांनी वाढवता येते, ओरासमध्ये (ओमेगा रुबी, अल्फा सफायर) वाढव, कारण पहिल्या जिमच्या आधीच पेटलबर्ग वुड्समध्ये एक्सप शेअर हातात पडतो, त्याने अख्ख्या टीमला अनुभव मिळतो आणि गेम पाणी कम होतो. नाहीतर तो बंद करून ठेव.

तुझा गास्टलीचा प्रश्न: चेंज इम्पॉसिबल इव्होल्यूशन्स नावाची टिक आहे. ती लावलीस की ट्रेडवाले लेव्हलवर इव्हॉल्व्ह होतात, हाँटर ३७ ला गेंगार होतो, कडाब्रा, मचोक, ग्रॅव्हलर पण तसेच.

---

भोसरीचा_ब्रीडर

अजून एक राहिलं. टीएम एचएम कंपॅटिबिलिटी (कुणाला कोणते मूव्ह शिकवता येतात) रँडम करणार असशील तर फुल एचएम कंपॅटिबिलिटी लाव. नाहीतर सर्फ लागणाऱ्या ठिकाणी पोचायचं आणि टीममध्ये एकालाही सर्फ शिकता येत नाही, मग नझलॉकचे नियम मोडून कुणालातरी पकडत बसा. स्टार्टरमध्ये दोन इव्होल्यूशन असलेले बेसिक पोकेमॉन असा पर्याय असतो, तुला ते तिघे मिळाले म्हणजे तो आधीच लागला असावा किंवा नशीब फळफळलं.

आणि लॉग सेव्ह करू का विचारतं ना, तो सेव्ह कर पण उघडू नको. कुठे काय आहे सगळं लिहिलेलं असतं त्यात. एकदा बघितलं की मोह आवरत नाही, मग कशाला रँडमाइझ करायचं.

---

जुनं_ते_सोनं_जीबीए

एवढं सगळं करण्यापेक्षा एमेरल्ड (जुना जीबीएवरचा गेम) घ्या की. रॉम छोटी, डिक्रिप्ट नको, लेयर्डएफएस नको, रँडमाइझ केली की एक फाइल बाहेर येते, ओपन एजीबी फर्मने थ्रीडीएसवर इम्युलेटरशिवाय चालते. होएन तेच आहे.

---

स्लेकिंगचा_आळस

@जुनं_ते_सोनं_जीबीए होएन तेच पण फेअरी टाइप कुठाय, मेगा कुठाय, सहाव्या पिढीपर्यंतचे सातशेच्या वर पोकेमॉन कुठायत? एमेरल्डमध्ये रँडम करून पण शेवटी ३८६ मधलेच. त्याने ओमेगा रुबी विचारलाय, त्याला ओमेगा रुबी खेळू दे.

---

जुनं_ते_सोनं_जीबीए

खेळू दे, मी कुठे अडवलं. फक्त सांगितलं.

---

लिटलरूटचा_पाव्हणा

भांडू नका हो 😄 सगळं वाचलं. परत रँडमाइझ केलं, सिमिलर स्ट्रेंग्थ, एरिया वन टू वन, अ‍ॅबिलिटी तशाच, इव्होल्यूशनवाली टिक लावली, ट्रेनर वीस टक्के वर. आता रूट १०१ ला हूटहूट आला, बरं वाटलं.

एक शंका, मी चेकपॉइंटमध्ये जुना सेव्ह ठेवलाय. तो परत घातला तर काय होईल? आणि माझा मामेभाऊ अल्फा सफायर घेऊन बसलाय, त्याला माझ्यासारखंच सेम देता येईल का?

---

जावाला_नमस्कार

सेव्ह कार्ट्रिजवरच असतो, रँडमाइझ एसडी कार्डावर. त्यामुळे जुना सेव्ह घातलास तर तो रँडम गेममध्येच उघडेल, बॉक्समधले पोकेमॉन तेच राहतील पण गवतात, ट्रेनरकडे नवीन. तुझे जुने मेहनतीने वाढवलेले पोकेमॉन अशा गेममध्ये उघडू नकोस, विशेषतः पुढे कधी स्टॅट वगैरे रँडम केलेस तर. ओरिजिनल खेळायचा असेल तेव्हा टायटल आयडीच्या फोल्डरचं नाव बदल, शेवटी एखादं अक्षर वाढवलं तरी पुरे, मग जुना सेव्ह घाल. आधी चालू असलेल्या नझलॉकचा बॅकअप घे, एकाच जागी दोन सेव्ह राहत नाहीत.

मामेभावाचं: रँडमाइझ झाल्यावर सीड नंबर (रँडम निकाल ठरवणारा आकडा) आणि सेटिंगची लांबलचक स्ट्रिंग समोर येते, ती दोन्ही दुसऱ्याला दिली आणि त्याच्याकडे रँडमायझरची अगदी तीच आवृत्ती असेल तर त्याचा गेम हुबेहूब तुझ्यासारखा होतो. पण ते एकाच गेमसाठी. ओमेगा रुबीचा सीड अल्फा सफायरला दिला तर सेटिंग तीच लागेल, निकाल मात्र तोच येईल असं धरून चालू नको, मुळात दोन्ही गेममध्ये गवतातले पोकेमॉन थोडे वेगळे आहेत.

---

भोसरीचा_ब्रीडर

@लिटलरूटचा_पाव्हणा माझ्याकडे ओमेगा रुबी आहे. सीड आणि स्ट्रिंग इथे टाक, सोबत आवृत्ती पण लिही, मी आज रात्री घालतो. पहिल्या जिमच्या रोक्सॅनपर्यंत कोण कमी मुडद्यांत पोचतं बघू. एक्सप शेअर दोघांनी बंद, बॅटल मोड सेट (समोरचा पडल्यावर फुकट बदली नाही), आणि मार खाताना मध्येच औषधं पाजायची नाहीत. कबूल?

---

लिटलरूटचा_पाव्हणा

कबूल. घरी गेलो की टाकतो. गास्टली मी घेणार, आधीच सांगतो.