चेस थडग्यातील भुते आणि न्यूटन मळ्यावरची माणसे

गोदातीरकर:
कॅरिबियन समुद्रातील बार्बाडोस बेटाच्या क्राइस्ट चर्च पॅरिशमधील चेस घराण्याच्या थडग्यात 1812 ते 1820 या काळात शिशाच्या शवपेट्या आपोआप हलत होत्या आणि विज्ञानाने तिथे हात टेकले, असे काल येथे ठोकून देण्यात आले. ज्या कथेचा पहिला छापील उल्लेख 1833 सालच्या एका प्रवासवर्णनात येतो आणि जिची नोंद ना दफनवहीत ना तत्कालीन वृत्तपत्रांत सापडते, तिच्यापुढे विज्ञानाने हात का टेकावेत? त्याच पॅरिशमधील न्यूटन मळ्यावर सुमारे 570 गुलाम निनावी पुरलेले आहेत. त्यांच्याविषयी मात्र चकार शब्द नाही.

निशाचर:
कागद नाही म्हणून घटनाच नाही, हा न्याय अजब आहे. खुद्द गव्हर्नर लॉर्ड कॉम्बरमिअर यांच्यासमक्ष जमिनीवर वाळू पसरून दारावर मोहोर उठवली होती. 1820 साली मोहोर शाबूत, वाळूवर पाऊल नाही आणि पेट्या मात्र अस्ताव्यस्त. आमच्या आजोळच्या वाड्यात बंद खोलीतला पाळणा हललेला मी स्वतः पाहिला आहे, तेव्हा मला उगाच शहाणपण शिकवू नये.

बारगीर:
हा साक्षीदार कोण, हे तरी पाहावे. ज्या भरतपूरच्या तटावर 1805 साली यशवंतराव होळकर आणि जाटांनी इंग्रज सेनापती लेकचे चार हल्ले परतवले, तोच किल्ला 1826 साली सुरुंगाने तट उडवून घेणारे हे कॉम्बरमिअर. लेकची ती फजिती आपल्या शाळांत धड शिकवत नाहीत, बार्बाडोसची भुते मात्र सगळ्यांना पाठ!

निशाचर:
भरतपूरचा येथे काय संबंध? किल्ला घेणारा माणूस खोटेच बोलतो, असा नियम आहे काय?

बारगीर:
होळकरांचे नाव निघाले की संबंध विचारणारे आपण पहिले नाही. मोठ्या हुद्द्याच्या साहेबाचे नाव जोडले की कथा खरी, ही सवय आपल्याला कंपनी सरकारनेच लावली.

गोदातीरकर:
दोघांनीही जरा थांबावे. 14 एप्रिल 1816 रोजी, ईस्टरच्या दिवशी, बुसा नावाच्या गुलामाच्या नेतृत्वाखाली बार्बाडोसमध्ये बंड झाले आणि शेकडो गुलाम मारले गेले. त्या बुसाच्या आयुष्याची माहिती आज हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच उरली आहे. न्यूटन मळ्यावर 1970 च्या दशकात उत्खनन झाले, तेव्हा एका वृद्धाच्या गळ्यात कवड्या, भोके पाडलेले कुत्र्याचे सुळे, माशाचे मणके आणि अकीकाचा एक तांबूस मणी ओवलेली माळ सापडली. तो मणी गुजरातेतील खंबायतचा असावा, असे अभ्यासक मानतात. खंबायतचा मणी आफ्रिकेतून गुलामाच्या गळ्यापर्यंत कसा पोहोचला, हे कोडे कोणाला का पडत नाही?

निशाचर:
मण्याची गोष्ट रंजक आहे, एवढे कबूल. आपल्या उत्खननापुढे माझा पाळणा अर्थातच क्षुद्र. परंतु चेस थडगे आजही रिकामे का, याचे उत्तर या विद्वत्तेत कोठेही आलेले नाही.

बारगीर:
भरतपूरलाही आलेले नाही.