मदत हवी आहे: एकेकटा इलेक्ट्रॉन पट्टे कसे काढतो, हे बारावीच्या मुलांना कसं सांगू?

नमस्कार मंडळी,

बारावीच्या मुलांना क्वांटमबद्दल तासभर सांगायचंय. सुरुवात अकिरा तोनोमुरा आणि त्यांच्या हिताचीतल्या सहकाऱ्यांच्या 1989 च्या प्रयोगापासून करणार आहे. इलेक्ट्रॉनांना पडद्यापर्यंत जायला दोन वाटा होत्या, आणि ते इतके विरळ सोडले होते की उपकरणात एका वेळी जेमतेम एकच असायचा. पडद्यावर आधी नुसते ठिपके, कुठेही पडल्यासारखे. हजारो जमले की मात्र स्वच्छ उभे पट्टे! गोट्या असत्या तर दोन ढीग झाले असते, विषय संपला. इथे एकेका इलेक्ट्रॉनसाठी दोन्ही वाटा मोजाव्या लागतात, तेव्हाच हिशोब जुळतो. इथपर्यंत मुलं येतील.

अडतं ते पुढे. कोणत्या वाटेने गेला हे कळण्याची सोय केली की पट्टे जातात. यावर 'बघितल्यामुळे बदललं' असं म्हटलं की मुलं लगेच मन, जाणीव, अध्यात्म यांकडे वळतात (यूट्यूबची कृपा). पण 2004 मध्ये व्हिएन्नात सी-70 चे (70 कार्बन अणूंचे) रेणू तापवले, तेव्हा त्यांनी स्वतःच सोडलेल्या प्रकाशामुळे पट्टे पुसट होत गेले. बघणारं कुणी लागलंच नाही. वाटेची माहिती बाहेर सांडली, एवढं पुरलं.

प्रश्न असा: ही 'माहिती सांडणं' गणिताशिवाय, पण खोटं न बोलता कशी मांडाल? आणि 'धक्का लागला म्हणून पट्टे गेले' हे उत्तर कितपत चालेल? मला ते अपुरं वाटतं. शिकवणाऱ्यांनी कृपया सांगा. वर्गात करता येण्याजोगं प्रात्यक्षिक, लेसर वगैरे वापरून, असेल तर फारच उत्तम.