दाजींचा पाय गेला, अडीच लाख घ्यायचे का?

शिरोलीकर: दाजी ३४ वर्षांचे, शिरोली एमआयडीसीत फाउंड्रीत मोल्डर, पगार १५ हजार. हायवेवर ट्रकनं उडवलं, उजवा पाय गुडघ्याखालून काढला. दाखल्यावर अपंगत्व ४० टक्के लिहिलंय. विमावाले म्हणत्यात अडीच लाख घ्या आणि मिटवा, दीदी तर नुसती रडतीया, काय करू?

रंकाळा_७७: भावा, सही करू नको! अडीच लाख म्हणजे मोटार वाहन कायद्याचं कलम १६४, त्यात चूक कुणाची ते सिद्ध करावं लागत नाही, पण ते पैसे घेतले की कलम १६६ चा, म्हणजे पूर्ण नुकसानभरपाईचा दावा संपतो. हिशोब बघ, वर्षाला १ लाख ८० हजार, त्याला वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्यानं, म्हणजे गुणकानं गुणायचं, तो १६, झाले २८ लाख ८०, त्याचे नुसते ४० टक्के धरले तरी ११ लाख ५२ हजार होतात. वर उपचार, नकली पाय, सोसलेला त्रास वेगळा.

कागलकर: आणि ४० वरच अडू नका. सुप्रीम कोर्टानं २०१० च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार निकालात सांगितलंय की शरीराचं अपंगत्व वेगळं आणि कमाईचं नुकसान वेगळं, डावा हात गेला तर सुताराचं काम बंद पडतं, कारकुनाचं चालू राहतं. भट्टीपुढं दिवसभर उभं राहणाऱ्याचा पाय गेलाय हो! डॉक्टरांची साक्ष घ्या, पगाराचा पुरावा जोडा. कायद्यात मुदत अपघातापासून सहा महिने लिहिलीय, उद्याच कसबा बावड्याला कोर्टात जाऊन वकील गाठा.

शिरोलीकर: चार महिने झालेत. सकाळीच जातो, दीदीला आत्ता फोन लावतो.