यलोस्टोनच्या उकळत्या चिखलाखालची उष्णता: वापरावी की हात लावू नये?

तांबडी_माती
अमेरिकेतल्या यलोस्टोन राष्ट्रीय उद्यानात जाऊन आलेल्यांत एक जण तरी असा निघतोच, जो म्हणतो, "एवढी वाफ नुसती हवेत चाललीये, या लोकांनी इथे वीज का नाही काढली?" परवा एका घरगुती बैठकीत हाच विषय निघाला आणि जेवणं थंड झाली. माझं मत आधीच सांगून टाकतो: काढू नये. पार्कात तर नाहीच, पण हद्दीबाहेरही जिथवर जमिनीखालचं पाणी पार्काशी जोडलेलं असण्याची शक्यता आहे, तिथवर नाही.

कारण खालची उष्णता आणि वर दिसणारा खेळ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हेडन व्हॅलीच्या दक्षिणेला, यलोस्टोन नदीच्या काठाशी मड व्होल्कॅनो नावाचा भाग आहे. तिथे गीझर, म्हणजे जमिनीतून उसळणारे गरम पाण्याचे उंच फवारे, नाहीत. खालून वाफ आणि हायड्रोजन सल्फाइड येतो, सडक्या अंड्याचा तो वास कपड्यांना दिवसभर राहतो. वर पाणी जेमतेम. त्या वायूवर जगणारे सूक्ष्मजीव त्याचं सल्फ्युरिक आम्ल बनवतात, आम्ल खडकाला खातं, खडकाची चिकणमाती होते आणि तीच खदखदत राहते. शेजारच्या सल्फर कॉल्ड्रनमधलं पाणी गाडीच्या बॅटरीतल्या आम्लाच्या जवळपास जातं.

आता लोअर गीझर बेसिनमधल्या फाउंटन पेंट पॉटकडे या. उन्हाळ्याच्या सुरुवातीला बर्फ वितळून पाणी मुरलेलं असतं, तेव्हा चिखल पातळ असतो, नुसते बुडबुडे येतात. उन्हाळा सरता सरता तोच चिखल आटलेल्या पिठल्याइतका घट्ट होतो. मग बुडबुडा सावकाश फुगतो, ताणला जातो, फद्‌ करून फुटतो आणि चिखलाचे गोळे काठावर उडतात. दोन-तीन महिन्यांत पाणी थोडं कमी झालं तर एवढा फरक. टर्बाइनला वाफ पुरवणाऱ्या विहिरी बारा महिने चोवीस तास उपसणार, तेव्हा काय राहील?

न्यूझीलंडने हे करून पाहिलं आहे. वैराकेईचं वीजकेंद्र १९५८ मध्ये सुरू झालं आणि त्या शेजारच्या गीझर व्हॅलीतले गीझर साठच्या दशकातच बंद पडले. परत आले नाहीत.

टर्बाइन
धागाकर्त्याशी असहमत. मी याच धंद्यात आहे, त्यामुळे पक्षपाती म्हणा हवं तर.

एक, यलोस्टोनचा बहुतेक भाग ज्या वायोमिंगमध्ये येतो, ते अमेरिकेत सगळ्यात जास्त कोळसा काढणारं राज्य आहे. म्हणजे पायाखाली उष्णता ठेवून त्याच राज्यात डोंगरच्या डोंगर खणून कोळसा जाळायचा आणि मग "आम्ही निसर्ग राखला" म्हणत फोटो काढायचे. पार्काची हद्द नकाशावर असते. धुराला आणि वाढत्या तापमानाला ती कोण दाखवणार?

दोन, वैराकेई म्हणजे पन्नासच्या दशकातलं तंत्र. त्यांनी गरम पाणी उपसलं आणि वापरून झाल्यावर सरळ वायकाटो नदीत सोडलं. जमीन काही ठिकाणी १५ मीटरच्या आसपास खचली ती त्यामुळेच. आज पाणी पुन्हा खाली सोडतात. बायनरी पद्धतीत तर खालचं पाणी फक्त आपली उष्णता दुसऱ्या द्रवाला देतं आणि परत जातं.

तीन, अर्धी गोष्ट सांगू नका. वैराकेईचे गीझर गेले, पण जवळच्या करापिटीला, ज्याला आता क्रेटर्स ऑफ द मून म्हणतात, वाफ आणि उकळता चिखल उलट वाढला. तिकीट काढून लोक बघायला जातात. तुमच्या लाडक्या चिखलाला तर फायदाच झाला की!

तांबडी_माती
करापिटीचं उदाहरण तुम्ही काढलंत हे बरं झालं. खालचा दाब उतरला, पाणी जागच्या जागी उकळायला लागलं, वाफ मिळेल त्या फटीतून वर आली. गीझर मरणं आणि तिथली वाफ वाढणं ही एकाच दुखण्याची दोन लक्षणं आहेत.

आणि पाणी परत सोडण्याचं म्हणाल, तर कॅलिफोर्नियातलं 'द गीझर्स' बघा. जगातला सर्वांत मोठा भूऔष्णिक, म्हणजे जमिनीखालच्या उष्णतेवर चालणारा, वीज प्रकल्प. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी तिथे वाफेचा दाब इतका घसरला की पुढे सांता रोझा शहराचं प्रक्रिया केलेलं सांडपाणी नळाने आणून खाली सोडावं लागलं. वीज चालू राहिली, चांगलंच आहे. पण पार्कात माझा प्रश्न वीज चालू राहते का हा नाही. त्याच भोकातून, त्याच तापमानाचं, त्याच क्षारांचं पाणी वर येत राहील का, हा आहे. तसं परत सोडता येतं?

न्यूझीलंडमधलंच रोटोरुआही वाचा. तिथे घराघरांत गरम पाण्याचे बोअर होते. पोहुटू गीझर मलूल झाला, तेव्हा सरकारने १९८६-८७ मध्ये त्याच्या दीड किलोमीटरच्या आतले बोअर बंद करायला लावले. त्यानंतर गीझर सावरले. म्हणजे संबंध थेट आहे.

टर्बाइन
म्हणजे वेळीच थांबलं तर भरूनही येतं. माझ्याच बाजूचा मुद्दा झाला हा.

तांबडी_माती
रोटोरुआला आलं, वैराकेईला नाही आलं. यलोस्टोनला यातलं काय होईल यावर पैज लावायला मी तयार नाही. जगातले निम्मे गीझर तिथे आहेत.

घाटवाट
विषयांतराबद्दल माफी. जुलैत जातोय. मड व्होल्कॅनोला गाडी लावायला जागा मिळते का?

डेन्व्हरकर
@घाटवाट, सकाळी लवकर जा. हेडन व्हॅलीत बायसन रस्त्यावर आले की तास-दीड तास कुणी हलत नाही. आणि लाकडी फळ्यांची वाट सोडू नका, पोरांचा हात धरा. वरून कोरडी दिसणारी जमीन पापुद्र्याइतकी पातळ असते.

मूळ विषयावर: मंडळी, हा वाद कायद्याने कधीच निकालात निघालाय. १९७० च्या भूऔष्णिक कायद्याने राष्ट्रीय उद्यानांत अशा खोदाईसाठी भाडेपट्टे देता येत नाहीत. १९८८ च्या दुरुस्तीने उद्यानांतल्या महत्त्वाच्या उष्ण स्थळांना बाहेरच्या खोदाईपासूनही संरक्षण मिळालं. ऐंशीच्या दशकात उत्तर हद्दीबाहेर, मोंटानात, एका धार्मिक पंथाने गरम पाण्याची विहीर खणली तेव्हा केवढा गदारोळ झाला होता.

शिवाय आता गरजही उरलेली नाही. युटात मिलफर्डजवळ कोरड्या, तापलेल्या ग्रॅनाइटमध्ये आडव्या विहिरी खणून, खडकाला भेगा पाडून, वरून पाणी सोडून उष्णता काढण्याचं काम चाललंय. तिथे ना झरा, ना गीझर. टर्बाइनसाहेब, तिकडे खणा की, अडवतंय कोण?

पेशी_आणि_बिशी
उपयोगाचीच भाषा बोलायची तर मीही बोलते. १९६६ मध्ये सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ थॉमस ब्रॉक आणि त्यांच्या विद्यार्थ्याने यलोस्टोनच्या मशरूम स्प्रिंगमधून नमुने घेतले. त्यातून थर्मस अॅक्वाटिकस हा जीवाणू मिळाला. त्याचं विकर (एन्झाइम) उकळीच्या जवळपासही टिकतं, म्हणून पीसीआर, म्हणजे डीएनएच्या असंख्य प्रती काढण्याचं तंत्र, सोयीचं झालं. कोविडमध्ये नाकात काडी घालून जी तपासणी केली तिच्या मुळाशी हेच. पीसीआरचे हक्क १९९१ मध्ये ३० कोटी डॉलरना विकले गेले. पार्काला त्यातला छदामही नाही, हा वेगळा संताप.

तांबडी_माती यांनी आम्ल बनवणारे सूक्ष्मजीव म्हटलं, त्यांच्यातला सल्फोलोबसही ब्रॉक यांनीच यलोस्टोनमधून वेगळा काढला. एका डबक्यातले जीव शेजारच्या डबक्यात असतीलच असं नाही, कारण तापमान बदलतं, आम्लता बदलते. टर्बाइन फिरवण्यापायी नक्की काय घालवतोय हे आधी कळायला तरी हवं.

टर्बाइन
ब्रॉक बाटलीभर पाणी घेऊन गेले आणि पुढे तो जीवाणू प्रयोगशाळेतच वाढवला गेला. जीवांचे नमुने आधी घ्या, जपून ठेवा, मग खणा. दोन्ही का नको? आणि निसर्ग स्वतः तिथे काय नाजूक वागतो? १९४८ मध्ये मड व्होल्कॅनो भागात ब्लॅक ड्रॅगन्स कॉल्ड्रन हे उकळत्या चिखलाचं डबकं झाडं उडवत जमिनीतून वर आलं. १९७८ च्या भूकंपमालिकेनंतर शेजारची टेकडी इतकी तापली की झाडं मुळापासून शिजून मेली. २३ जुलै २०२४ ला बिस्किट बेसिनमध्ये ब्लॅक डायमंड पूल फुटला, फळ्यांची वाट मोडली, माणसं जीव घेऊन पळाली. नशीब, कुणाला इजा झाली नाही. जे रोज बदलतंय, ते "जसंच्या तसं" राखायचं म्हणजे नेमकं कधीचं?

तांबडी_माती
कधीचंच नाही. बदलू दे, आपण ढवळू नये. म्हातारा माणूस एक दिवस जाणार म्हणून त्याची औषधं थांबवत नाहीत.

घाटवाट
अंदमानला बाराटांगचा चिखलाचा ज्वालामुखी पाहिला होता. तो हाच प्रकार ना?

डेन्व्हरकर
नाही. तिथला चिखल मिथेनसारख्या वायूच्या दाबाने वर ढकलला जातो, उकळत नसतो. विषय निघालाच आहे तर पूर्व जावातल्या सिदोआर्जोचंही सांगतो. मे २००६ मध्ये गॅससाठी चाललेल्या खोदाईजवळ गरम चिखल उसळला आणि गावंच्या गावं गाडली गेली.

टर्बाइन
दोनच दिवस आधी योग्याकार्ताचा मोठा भूकंप झाला होता, हे का गाळलंत? कारण खोदाई की भूकंप यावर भूशास्त्रज्ञांचा वाद अजून मिटलेला नाही.

लेह_मनाली
सगळं अमेरिका आणि न्यूझीलंड चाललंय, म्हणून राहवलं नाही. आपल्याकडे लडाखच्या चांगथांगमध्ये पुगा खोरं आहे. साडेचार हजार मीटरच्या आसपास उंची, उकळते झरे, चिखलाची डबकी, गंधकाचे पिवळे थर. चांगपा लोकांच्या पश्मिना शेळ्या तिथेच चरतात. तिथे ओएनजीसीचा एक मेगावॅटचा प्रायोगिक प्रकल्प २०२१ मध्ये ठरला. ऑगस्ट २०२२ मध्ये खोदाई चालू असताना दाबाखालचं पाणी उसळलं आणि पुगा नाल्यात गेलं.

आता मला सांगा, यलोस्टोनसाठी हळहळणारे पुगाबद्दल गप्प का? आणि कुणी म्हणेल पुगा कुठे यलोस्टोनएवढं प्रसिद्ध आहे, तर मग राखायचं ते काय प्रसिद्धी मोजून?

टर्बाइन
पुगाला मी खोदाईच्या बाजूने आहे, आणि तिथे तर जास्तच. लडाखच्या हिवाळ्यात डिझेल जाळून ऊब मिळवतात. ते डिझेल ट्रकने घाट चढून येतं. इथे बसून "झरा राखा" म्हणणं सोपं आहे.

कोकणी_मेवा
वीज लांबच राहिली, आपण झऱ्यांना आणखी स्वस्तात मारतो. वज्रेश्वरी, अकलोली, उन्हवरे, तुरळ, राजवाडी. आपल्याकडे काय कमी आहेत? पण झरा दिसला की चौकोनी कुंड, त्याला टाइल्स, आणि कुंडात शांपूच्या पुड्या. अमेरिकनही धुतल्या तांदळाचे नाहीत हो. यलोस्टोनच्या मॉर्निंग ग्लोरी पूलमध्ये लोकांनी इतकी नाणी आणि कचरा टाकला की पाण्याचं तोंड बुजत गेलं आणि मधला निळा रंग आक्रसला.

तांबडी_माती
@लेह_मनाली, पुगाबद्दल गप्प नाही. तिथे माझा विरोध सरसकट नाही, कारण डिझेलचा मुद्दा खरा आहे. माझी अट एकच: आधी मोजा. यलोस्टोनमधून बाहेर पडणाऱ्या नद्यांतलं क्लोराइड (खालच्या गरम पाण्यातून येणारा क्षार) ऐंशीच्या दशकापासून मोजतात, त्यावरून जमिनीतून एकूण किती उष्णता बाहेर पडते याचा अंदाज बांधतात. त्यामुळे उद्या काही बिघडलं तर निदान कळेल. पुगात झऱ्यांचं तापमान, प्रवाह, नाल्यातलं आर्सेनिक आणि बोरॉन यांची चार-पाच वर्षांची नोंद हाती असल्याशिवाय विहिरीचं तोंड उघडू नये.

टर्बाइन
चार-पाच वर्षं म्हणजे तेवढे हिवाळे आणखी डिझेल. मोजणी आणि खोदाई एकदम सुरू करा, आकडे गावात फळ्यावर लावा, चांगपांच्या प्रतिनिधीला विहीर बंद करायला लावायचा अधिकार द्या. एवढं मान्य असेल तर पुगापुरता मी तुमच्या बाजूला येतो. यलोस्टोनपुरता नाही.

लेह_मनाली
बंद करायचा अधिकार कागदावर कोण लिहून देणार, तेवढं सांगा.