अनुभव धागा : तोरणमाळचं तळं, तेव्हाचं आणि आताचं

परवा शहाद्याला भाच्याच्या हळदीत सहज विषय निघाला, "तोरणमाळला पहिल्यांदा कधी गेलात?" मांडवात बसलेल्या चार पिढ्यांकडून चार वेगळीच तोरणमाळं ऐकायला मिळाली. आजी अनवाणी चढून गेलेली. मामा एसटीच्या टपावर बसून. ताई कॉलेजच्या सहलीत. भाच्यानं मोबाईलवर तळ्याकाठचं कॉटेज बुक केलेलं. तळं मात्र सगळ्यांचं एकच, यशवंत तलाव.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी : तोरणमाळ सातपुड्याच्या माथ्यावर, समुद्रसपाटीपासून ११०० मीटरच्या वर, अक्राणी म्हणजेच धडगाव तालुक्यात. १ जुलै १९९८ ला नंदुरबार वेगळा जिल्हा झाला, तोवर हे सगळं धुळ्यात होतं. पर्यटन आत्ताचं, पण हे ठिकाण कागदोपत्री जुनंच आहे. इंग्रजांच्या गॅझेटियरचा खानदेश खंड १८८० साली निघाला, त्यातही तुरणमाळच्या डोंगराची आणि तिथल्या तलावाची नोंद सापडते. नाव तोरणाच्या झुडपांवरून पडलं म्हणतात, कोणी तोरणा देवीवरून सांगतं.

सीताखाई, खडकी पॉइंट, कमळ तलाव यांचे फोटो पुष्कळ आहेत. मला हवंय ते असं : तुम्ही गेलात तेव्हा तळ्याकाठी काय होतं, मुक्काम कुठे केलात, आणि वर राहणारं कोण तुमच्याशी बोललं. खुल्या मनानं लिहा.

*

तळोदा (आजीनं सांगितलं, मी लिहून घेतलं)

आजी तीन वेळा गेली, तिन्ही वेळा महाशिवरात्रीला. गोरखनाथाला नवस बोललेली होती. राणीपूरपर्यंत बैलगाडी, पुढे चढ, तोही अनवाणी. सोबत दादर ज्वारीच्या भाकरी, लाल मिरचीचा ठेचा आणि गुळाचा खडा. गुजरातकडून, मध्य प्रदेशातून आलेली माणसं वाटेत भेटायची, भाषा वेगळी पण तोंडात गोरखनाथाचंच नाव.

"राहायला खोली?" मी विचारलं. ती म्हणाली, "खोली कशाची बाई, तळ्याच्या काठावर लुगडं अंथरलं की झाली खोली." रात्री इतका गारठा की बायका एकमेकींना चिकटून बसायच्या, मध्ये शेकोटी. पहाटे तळ्यात उतरून अंघोळ आणि ओलेत्यानं दर्शन.

नवस फळला. माझ्या वडिलांचं नाव गोरख आहे. आमच्याकडे या नावाची इतकी माणसं का, ते यावरून कळेल.

*

शहादा, निवृत्त एसटी चालक

मी या मार्गावर बरीच वर्षं गाडी चालवली. शहादा ते तोरणमाळ अंतर ५५ किलोमीटरच्या आसपास, पण म्हसावद सोडून राणीपूर ओलांडलं की किलोमीटरचा हिशेब संपतो. मग फक्त वळणं मोजायची. सात पायरीचा घाट पाहिला नसेल त्यांना सांगतो : वरच्या वळणावरून खाली बघितलं तर आपलाच रस्ता एकाखाली एक घड्या घातलेल्या धोतरासारखा दिसतो.

भरलेली गाडी एका दमात वळत नसे. निम्मं वळण घ्यायचं, थांबायचं, कंडक्टर उडी मारून मागच्या चाकाला दगड लावणार, मग हळूच मागे घेऊन पुन्हा पुढे. तो दगड आम्ही गाडीतच ठेवत असू, माझ्या सीटमागे. एका बाजूनं घासून अगदी गुळगुळीत झाला होता. माझ्या कंडक्टरनं त्याला शेंदूर लावलेला, पाय लागला तर नमस्कार करायचा. हसू नका, त्या दगडावर पन्नास माणसांचा जीव असायचा.

मुक्कामाची गाडी असली की रात्री गाडीतच झोपायचं. निघताना घरून आई ओरडायची, "गोधडी ली जाय रे भो, वर थंडी शे!" खाली मे महिन्यात रात्रीही भिंती तापलेल्या, आणि वर मी गोधडीत. पाड्यावरचे एक बाबा मक्याची भाकरी आणि उडदाचं वरण आणून द्यायचे. पैसे घेत नसत. बदल्यात खालून मीठ, माचिस, कधी औषधाच्या गोळ्या आणून द्यायचो. वरच्या माणसासाठी एसटी ही सहलीची गाडी नव्हती. बाजार, दवाखाना, कोर्ट, सगळं तिच्यावरच. पर्यटक वाढले ते मी आरशात पाहिलं : आधी टोपल्या आणि कोंबड्या, मग पिशव्या, मग सॅक. शेवटी शेवटी ते सॅकवालेही गेले, स्वतःच्या गाड्या घेऊन यायला लागले.

*

भुसावळ

आमचं साधं कारण : ऊन. पारा ४५ च्या वर गेला की वडील म्हणायचे, चला. एक आठवण पुरेशी आहे. पहिल्या सकाळी तळ्यावर धुकं होतं, आणि माझ्या धाकट्या भावानं विचारलं, "एवढा धूर कुठून येतोय?" त्यानं आयुष्यात धुकं पाहिलंच नव्हतं.

*

तोरणमाळ, सध्या नाशिक

मी वरचाच. पावरा आदिवासी. वर लिहिणाऱ्यांनी पाड्यावरच्या माणसांची आठवण काढली, बरं वाटलं.

लहानपणी तळं म्हणजे आमचं काम होतं. ढोरं पाजायची, कपडे धुवायचे. पाहुणे यायला लागले तेव्हा आम्हाला कळेना, हे लोक नुसते बसतात का? तासभर पाण्याकडे बघतात, हात धूत नाहीत, मासा धरत नाहीत.

पुढे आम्हीही शिकलो. दिवाळीच्या आसपास सीताफळं पिकतात, आई टोपली घेऊन रस्त्यावर बसायची. डोळे उघडलेलं फळ वर, कच्चं खाली पाचोळ्यात. उन्हाळ्यात आमचूर : कैऱ्या सोलायच्या, फोडी करायच्या आणि खडकावर वाळत घालायच्या. आख्खा उतार पांढरा दिसतो. बोटांची कातडी कैरीच्या चिकानं सोलली जाते, आईची महिनाभर तशीच असायची. पाहुणे त्या उताराचे फोटो काढायचे.

थकलेल्या माणसांच्या बॅगा मी वाहिल्या आहेत, सीताखाईच्या वाटा दाखवल्या आहेत. त्यातून वह्या आल्या. म्हणून पर्यटनाला मी वाईट म्हणणार नाही. पण वनविभागाचं विश्रामगृह, पर्यटन महामंडळाच्या खोल्या, नंतर खासगी तंबू, यांत आमच्या माणसांना मिळालेली कामं बहुतेक झाडायची आणि पाणी भरायची. एका तंबूवाल्यानं हंगाम संपल्यावर द्रोण, बाटल्या, फाटकी प्लास्टिकं सगळं काठावरच सोडलं. दोन दिवस मी आणि बहीण ते वेचत होतो. बहिणीच्या म्हशीनं त्यातली पिशवी खाल्ली आणि ती गेली. दुभती होती.

आता बहिणीनं घराला लागून एक खोली काढली आहे. कुडाची भिंत, शेणानं सारवलेली. येणाऱ्याला ती आधी तळ्याची हद्द दाखवते : इथपर्यंत चूल, इथपर्यंत गाडी, पुढे अनवाणी.

*

नंदुरबार, शिक्षिका

वरचं वाचून लिहावंसं वाटलं. याच अक्राणी तालुक्याच्या उत्तर टोकाला नर्मदा आहे. सरदार सरोवराच्या पाण्यानं अक्राणी आणि अक्कलकुवा तालुक्यांतल्या ३३ गावांना झळ बसली. तिथली किती तरी कुटुंबं खाली तळोदा, शहाद्याकडे वसवली गेली. त्यांची मुलं माझ्या वर्गात होती.

एकदा शाळेची सहल तोरणमाळला नेली. तळं दिसताच सगळी धावली. एक मुलगी जागची हलेना. तिला वाटलं हेही पाणी वाढत येईल. मी तिचा हात धरून काठावर बसले आणि आम्ही पाण्याच्या कडेला एक काटकी रोवली. जेवण झालं, खेळ झाले. निघताना ती स्वतः जाऊन बघून आली. "बाई, तिथंच आहे."

*

धुळे

पुढच्या महिन्यात पहिल्यांदाच जातोय, आईला घेऊन. तिला तोरणाची पांढरी फळं खायची आहेत, लहानपणी खाल्लेली. आता मिळतात का?

*

तोरणमाळ, सध्या नाशिक

मिळतात. उन्हाळ्यातच या. झुडपाला काटे असतात, आईंना तोडू देऊ नका, बहिणीची मुलं तोडून देतील. आणि गोधडी आणा.